एकाच फाईलीतून रेझ्युमे, सीव्ही, हिंदी एकपानी, सगळं काढणं – कोण कोण करतं?

खंडवारोडकर
नमस्कार मंडळी. प्लेसमेंटचे दिवस आले की आमच्याकडे भाचरं, पुतणे, वरच्या मजल्यावरच्या काकूंचा मुलगा असे सगळे हजर होतात, "जरा रेझ्युमे बघून द्या ना". बघायला घेतलं की कळतं एकाच पोराचे चार-पाच रेझ्युमे फिरतायत. कंपनीला पाठवायची पीडीएफ वेगळी, कन्सल्टन्सीवाल्याला वर्ड (तो वरचा फोन-पत्ता खोडून आपला लोगो चिकटवतो म्हणून त्याला वर्डच लागतं), पोर्टलच्या डब्यात पेस्ट करायचा साधा मजकूर वेगळा, कंत्राटी सरकारी जागेसाठी हिंदीत एक पान, आणि बाहेर शिकायला जायचं तर दोन पानी सीव्ही. माहिती सगळी तीच. मग मोबाईल नंबर बदलला की दोन फायलींत बदलतो, बाकीच्यांत जुनाच राहतो आणि इंटरव्ह्यूचा फोन नेमका तिकडे जातो.

मी काय करतो ते सांगतो, तुमचं ऐकायचंय. माहिती एका यॅमल फाईलमध्ये (साध्या मजकुरात रकान्याचं नाव, कोलन आणि माहिती असं लिहायची पद्धत) ठेवायची, तिथे बोल्ड नाही, फाँट नाही, मार्जिन नाही, नुसत्या गोष्टी. आणि दिसणं सगळं टेम्प्लेटमध्ये. मधे एक छोटी पायथन स्क्रिप्ट, ती फाईल वाचते आणि जिंजा टेम्प्लेटमध्ये (माहिती भरायच्या जागा कंसात सोडलेला नमुना) ओतते. फाईल साधारण अशी असते:

नाव:
  मराठी: अमुक काळे
  हिंदी: अमुक काले
अनुभव:
  - पद: टेस्ट इंजिनिअर
    पासून: २०२१-०७
    पर्यंत: चालू
    कामं:
      - मजकूर: रोज रात्री आपोआप चालणाऱ्या टेस्ट बसवल्या
        टॅग: [टेस्टिंग, ऑटोमेशन]
        वजन: ३
      - मजकूर: नव्या मुलांना ट्रेनिंग दिलं
        टॅग: [टीम]
        वजन: १

(इथे वाचायला सोपं म्हणून मराठी आकडे टाकलेत, खऱ्या फाईलमध्ये इंग्रजी आकडेच ठेवा, नाहीतर यॅमल त्यांना आकडा मानतच नाही, अक्षरं समजतं.)

यातली कामाची चीज म्हणजे ते वजन आणि टॅग. वजन तीन असेल तर ती ओळ एकपानी रेझ्युमेतही येणार, एक असेल तर फक्त सविस्तर सीव्हीत. टेस्टिंगच्या जागेसाठी काढायचं असेल तर टेस्टिंग टॅगवाल्या ओळी वर. म्हणजे एका माणसाची फाईल कुठल्याही रेझ्युमेपेक्षा मोठी असते, त्यात सगळं लिहून ठेवायचं, अगदी कॉलेजात गणेशोत्सवाचा हिशोब सांभाळला तेही, मग त्यातून निवडायचं.

जेसन रेझ्युमे नावाचं एक खुलं स्टँडर्ड २०१४ पासून आहे, त्यात शिक्षण, काम, स्किल्स, भाषा, प्रोजेक्ट असे ठरलेले रकाने आहेत आणि तयार थीम भरपूर मिळतात. फक्त इंग्रजी लागत असेल तर तेच वापरा, उगाच माझ्यासारखं घरचं काही बनवू नका. माझी अडचण अशी की हिंदी-मराठी मजकूर आणि हे वजन-टॅग त्यात बसत नाहीत. जास्तीचे रकाने घालता येतात, पण तयार थीमला ते कळत नाहीत.

बोला आता.

पागनीसपागा
दादा, राग मानू नका पण एवढा खटाटोप कशाला? अपन तर वर्डमध्ये एक मोठी फाईल ठेवतो, ज्या जागेला जे नको ते उडवायचं आणि सेव्ह ॲज. माणूस आयुष्यात किती वेळा नोकरी बदलतो? पायथन शिकायला जेवढा वेळ जाईल तेवढ्यात पन्नास अर्ज होतील.

खंडवारोडकर
राग कशाचा. वर्षातून एकदा एका भाषेत एकच रेझ्युमे लागत असेल तर तुमचंच बरोबर, मी स्वतः सांगेन वर्डच वापरा. पण "सेव्ह ॲज" केलं की त्या क्षणापासून दोन फायली होतात आणि एकीला दुसरीचं काही कळत नाही. एका फाईलमध्ये प्रोजेक्टचं वाक्य सुधारलं, ते मोठ्या फाईलमध्ये परत कोण नेणार? कोणी नेत नाही. सहा महिन्यांनी चांगलं वाक्य कुठल्या तरी जुन्या अर्जात अडकलेलं असतं.

माझा नियम एकच, बाहेर पडलेल्या पीडीएफला किंवा वर्डला हात लावायचा नाही. सुधारायचं तर मूळ फाईलमध्ये आणि परत काढायचं. हा नियम पाळायचा नसेल तर मग हे सगळं करण्यात काही अर्थ नाही.

टायपिंगवाला_भंवरकुआँ
आमचं दुकानच याचं आहे म्हणून बोलतो. इंदूरच्या भंवरकुआँ भागात कोचिंगची पोरं, रोज कोणी ना कोणी रेझ्युमेला येतं. दोन गोष्टी सांगून ठेवतो ज्या कोणी सांगत नाही.

पहिली, हिंदीतलं जुनं मटेरियल कृतिदेवमध्ये असतं. ते युनिकोड (सगळ्या लिपींसाठीचा एकच अक्षरकोड) नाही, आत खरं तर इंग्रजी अक्षरं आणि चिन्हंच असतात, फाँटमुळे ती हिंदी दिसतात. तो मजकूर दादांच्या त्या फाईलमध्ये तसाच पेस्ट केला तर नुसता कचरा दिसणार. आधी कन्व्हर्टरमधून युनिकोड करून घ्या आणि मग डोळ्यांनी वाचा, कारण जोडाक्षरं आणि रफार हमखास इकडचे तिकडे होतात. आणि उलटं पण आहे, काही दफ्तरांत आजही कृतिदेवमध्येच मागतात, तेव्हा तो पण एक फॉरमॅटच समजा.

दुसरी, वर्डच्या फाईलमध्ये लेखकाचं नाव आत चिकटलेलं राहतं. दुकानात टाईप केली तर तिथे दुकानाचं नाव. पोरगा मोठ्या कंपनीत पाठवतो आणि तिकडचा माणूस प्रॉपर्टीज उघडतो तर लेखक म्हणून अमुक फोटोकॉपी अँड टायपिंग. फाईल, इन्फो, मग इन्स्पेक्ट डॉक्युमेंट करून ते पुसता येतं. स्क्रिप्टने काढत असाल तर लेखक आणि शीर्षक स्क्रिप्टनेच भरा, पीडीएफमध्ये पण.

सिमरोल_एक्सप्रेस
वा, हा धागा वर राहू दे. आमच्या शिक्षकी पेशात तर हे दुखणं जास्त आहे. नॅकच्या (कॉलेजांचं मूल्यांकन) वेळी गेल्या पाच वर्षांचं मागतात, प्रमोशनला यूजीसीच्या प्रोफॉर्म्यात वेगळ्या क्रमाने मागतात, प्रोजेक्टच्या अर्जाला दोन पानांत निवडक पेपर, शिवाय विद्वान या संशोधकांच्या पोर्टलवर प्रोफाईल वेगळं. पेपर तेच, पुस्तक तेच, फक्त गाळणी बदलते.

मी पेपरांची यादी हाताने लिहितच नाही. बिबटेकच्या (संदर्भयादी ठेवायची पद्धत) एका फाईलमध्ये सगळे पेपर ठेवलेत, डीओआय म्हणजे पेपरच्या कायमच्या नंबरासकट. ऑर्किडवरून ती उतरवून घेता येते. ऑर्किड म्हणजे २०१२ पासून संशोधकांना मिळणारा सोळा आकडी नंबर, नावं सारखी असली तरी माणूस वेगळा ओळखू येतो. आमच्याकडे जोशी आणि कुलकर्णी किती आहेत ते सांगायला नको. मग पॅनडॉक ती यादी हव्या त्या शैलीत लावून देतो, वर्षाने गाळून घ्यायचं ते स्क्रिप्टमध्ये. पॅनडॉक माहीत नसेल त्यांच्यासाठी, मार्कडाऊनमधून (साध्या खुणा घालून लिहिलेला मजकूर) वर्ड, एचटीएमएल, पीडीएफ काहीही काढणारा फुकट प्रोग्रॅम, जॉन मॅकफार्लेन म्हणून बर्कलीला तत्त्वज्ञान शिकवणारे प्राध्यापक आहेत त्यांनी २००६ मध्ये सुरू केला. तत्त्वज्ञानाचा माणूस हे करतो म्हटल्यावर आमच्या कॉम्प्युटर विभागाला मी अधूनमधून टोमणा मारतेच.

एक रकाना मात्र सगळ्यांनी वाढवा. संस्थेचं नाव दोनदा ठेवा, "मार्कशीटवर छापलेलं" आणि "आत्ताचं". आपलं विद्यापीठ १९६४ साली इंदूर विश्वविद्यालय म्हणून सुरू झालं आणि १९८८ मध्ये देवी अहिल्या विश्वविद्यालय झालं. आमच्या सीनियर सरांच्या पदवीवर जुनं नाव आहे, फॉर्मवर नवं लिहिलं की पडताळणीत प्रश्न येतात. दोन्ही ठेवले की जिथे सर्टिफिकेटशी ताडून बघणार तिथे छापलेलं, बाकी सगळीकडे आत्ताचं.

लोकमान्यनगरची_माई
मी सगळं वाचून राहिले, अर्धं कळलं. मला एक सांगा, यातून लग्नाचा बायोडाटा निघेल का? नातीचं बघतोय. शिक्षण, नोकरी तर तिच्या रेझ्युमेत आहेच, ते मी दर वेळी परत टाईप करते आणि तिने कंपनी बदलली की बायोडाट्यात जुनीच राहते, मग समोरचे विचारतात आणि आपल्याला ओशाळायला होतं.

खंडवारोडकर
माई, निघेल की, आमच्या घरी निघालेला आहे :) त्याच फाईलमध्ये एक वेगळा विभाग करायचा, कुळ, गोत्र, देवक, रास, नक्षत्र, गण, नाडी, उंची, मामेकुळ, अपेक्षा. बायोडाट्याचं टेम्प्लेट शिक्षण-नोकरी वरच्या विभागातून उचलतं आणि बाकी इथून. नोकरी बदलली की एका जागी बदला, रेझ्युमे आणि बायोडाटा दोन्ही ताजे.

फक्त इथे एक पथ्य पाळावं लागतं आणि हे सगळ्यांनाच लागू आहे. टेम्प्लेटमध्ये "सगळं छाप, एवढं सोडून" असं कधी लिहायचं नाही. "एवढंच छाप" असं लिहायचं, एकेक रकाना नाव घेऊन. पहिल्या पद्धतीत तुम्ही उद्या नवा रकाना वाढवला की तो आपोआप सगळीकडे जातो, आणि मग बंगलोरच्या एचआरला कळतं की उमेदवार मध्य नाडीची आहे.

लोकमान्यनगरची_माई
अगं बाई. मग आमच्या नातीलाच सांगते करायला, ती आयटीतच आहे, आजीला यातलं काही बोलली नाही कधी.

पिथमपूर_बीशिफ्ट
माझ्याकडे लॅपटॉप नाही, मोबाईलच आहे. डिप्लोमा मेकॅनिकल, प्लँटमध्ये क्वालिटीला आहे. ठेकेदार बदलला की नवा ठेकेदार परत बायोडाटा मागतो, त्याला हिंदीत एक पान, वडिलांचं नाव, मूल निवासी, आयटीआय-डिप्लोमाचं वर्ष, मशिनं कुठली कुठली येतात ते. मोठ्या कंपनीत डायरेक्ट द्यायचा तर इंग्रजीत. मी काय करू?

सुपरकॉरिडॉर_भिया
भिया तुझ्यासाठी गूगल शीट. एका शीटमध्ये सगळी माहिती, एक रकाना हिंदी एक रकाना इंग्रजी, आणि गूगल डॉक्समध्ये दोन टेम्प्लेट ज्यात जागोजागी महिरपी कंसात रकान्याचं नाव. शीटला जोडलेली ॲप्स स्क्रिप्ट असते, पंधरा-वीस ओळींची, ती डॉकची कॉपी काढून कंसातली नावं बदलते आणि पीडीएफ ड्राईव्हमध्ये टाकते. स्क्रिप्ट एकदा कुणाच्या तरी कॉम्प्युटरवर बसून लिहावी लागेल, नंतर मोबाईलवरून शीट बदलायची. रविवारी इकडे आलास तर मी बसवून देतो.

आणि एक, दादांनी नाव मराठी-हिंदी वेगळं ठेवलंय ते नीट बघ. तुझ्या आधारवर आणि मार्कशीटवर हिंदीत ळ नसणार, काळेचं काले, होळकरचं होलकर झालेलं असतं. हिंदी पानावर कागदपत्रात आहे तसंच छापायचं, मराठीवरून आपोआप उचलायचं नाही. इंग्रजी स्पेलिंगचं पण तेच, दहावीच्या मार्कशीटला जे आहे ते धर.

पिथमपूर_बीशिफ्ट
येतो रविवारी, सेकंड हाफला सुटी आहे. एक गंमत सांगतो. आमच्या इथल्या एका इंजिनिअरने ते लाटेक का काय त्यात रेझ्युमे बनवला होता. त्यात लिहिलेलं, रिजेक्शन ४% कमी केलं आणि लाईन थांबणं बंद झालं. छापून आलं नुसतं "रिजेक्शन ४". पुढचं सगळं गायब. त्याला कळलंच नाही, मॅनेजरने विचारलं हे काय रिजेक्शन वाढवलंस का.

सिमरोल_एक्सप्रेस
हाहा, हे क्लासिक आहे. लाटेक म्हणजे मजकुरात आज्ञा लिहून पीडीएफ काढायचा प्रोग्रॅम, त्यात % म्हणजे इथून ओळीच्या शेवटापर्यंत टिप्पणी, छापायची नाही. एरर पण येत नाही बऱ्याचदा, म्हणूनच धोका. & आलं तर निदान आरडाओरडा करतं, "मिसप्लेस्ड अलाइनमेंट टॅब" म्हणून थांबतं, त्यामुळे आर&डी लिहिणाऱ्याला लगेच कळतं. # आणि खालची रेघ _ यांचं पण असंच, आणि ईमेलमध्ये खालची रेघ असतेच लोकांच्या. माहिती यॅमलमध्ये असेल तर लाटेकला देण्याआधी ही चिन्हं बदलणारा एक फिल्टर लावावाच लागतो, आणि तो फक्त लाटेकच्या वाटेवर, एचटीएमएलच्या वाटेवर त्याचे वेगळे नियम. मूळ फाईलमध्ये लाटेकची उलटी रेघ घालून ठेवायची नाही, नाहीतर तीच रेघ हिंदी वर्डमध्ये छापून येते.

सुपरकॉरिडॉर_भिया
म्हणूनच म्हणतो ताई, लाटेक सोडा आणि टाइप्स्ट घ्या. २०२३ मध्ये खुलं झालं, रस्ट भाषेत लिहिलंय, एक छोटी फाईल उतरवली की झालं, टेक लाईव्ह म्हणजे लाटेकचा संच पूर्ण घ्यायचा तर काही जीबी जातात. यॅमल, जेसन, सीएसव्ही थेट वाचतं, मधे पायथन नको, जिंजा नको. आणि फाईलमधून आलेला मजकूर ते मजकूर म्हणूनच छापतं, % असो नाहीतर # असो, त्याला आज्ञा समजत नाही. त्या इंजिनिअरचा रेझ्युमे वाचला असता. रेंडरसीव्ही म्हणून एक तयार हत्यार आहे, यॅमल द्या आणि पीडीएफ घ्या, ते पण आधी लाटेक वापरायचं आणि आता टाइप्स्टवर आलंय.

सिमरोल_एक्सप्रेस
टाइप्स्ट छान आहे, मी नाही म्हणत नाही. पण माझ्या जर्नल्सना लाटेकच लागतं, रोज तेच उघडं असतं, मग सीव्हीसाठी दुसरं कशाला. शिवाय वर्डची फाईल टाइप्स्टमधून थेट निघत नाही, आणि निम्म्या लोकांना हवी असते वर्डच. तुम्ही पीडीएफवाले लोक हे सोयीस्कर विसरता.

सुपरकॉरिडॉर_भिया
वर्डचं मान्य. त्याला मी पॅनडॉकच वापरतो.

होळकरसायन्स_माजी
मराठी-हिंदी पीडीएफ काढणाऱ्यांसाठी, कारण यात लोक फार फसतात. लाटेकची वेगवेगळी इंजिनं आहेत, जुनं पीडीएफलाटेक देवनागरी नीट जोडत नाही, झीलाटेक नाहीतर लुआलाटेक घ्या, लुआलाटेक असेल तर त्याला हार्फबझ (अक्षरं जोडून देणारं सॉफ्टवेअर) वापर असं सांगावं लागतं, नाहीतर पहिली वेलांटी चुकीच्या जागी बसते. फाँट नोटो सान्स देवनागरी किंवा मुक्ता, दोन्ही फुकट. आणि भाषा मराठी आहे हे स्पष्ट सांगा, नोटोमध्ये ल आणि श ची दोन रूपं आहेत, भाषा नाही सांगितली तर हिंदी वळणाचा ल येतो. हिंदी पानावर तो बरोबर, मराठी बायोडाट्यावर माईंसारख्यांच्या डोळ्याला लगेच खुपेल. टाइप्स्टमध्ये पण भाषा सांगायची सोय आहे.

वर्डमध्ये वेगळाच घोळ. देवनागरीला वर्ड "कॉम्प्लेक्स स्क्रिप्ट" मानतं आणि तिचा फाँट, साईझ, बोल्ड सगळं इंग्रजीपासून वेगळं साठवतं. पॅनडॉकला जी नमुना फाईल देता, जिच्यातल्या स्टाईल्स तो उचलतो, तिच्यात तुम्ही साईझ अकरा केला तरी हिंदी मजकूर जुन्याच साईझमध्ये येतो कारण तो दुसरा रकाना बदललेलाच नसतो. फाँटच्या खिडकीत खाली कॉम्प्लेक्स स्क्रिप्ट्सचा भाग असतो तिथे बदला. तो भाग दिसत नसेल तर ऑफिसच्या भाषांमध्ये हिंदी किंवा मराठी जोडा, मग दिसतो.

खंडवारोडकर
हे सोन्यासारखं आहे साहेब, हिंदीचा साईझ का हलत नाही म्हणून लोक डोकं आपटत असतात.

यॅमलची पण एक खोड सांगतो, खास इंदूरकरांसाठी. आपला एसटीडी कोड शून्य सात तीन एक. तो वेगळ्या रकान्यात अवतरणाशिवाय इंग्रजी आकड्यांत लिहिला की पायथनचं यॅमल त्याला ऑक्टल (दहाऐवजी आठाच्या पटीत मोजलेला आकडा) समजतं, सुरुवातीला शून्य आहे आणि बाकी आकडे सातपर्यंतचेच आहेत ना. छापून येतं ४७३. हिशोब बघा, सात गुणिले चौसष्ट, अधिक तीन गुणिले आठ, अधिक एक. भोपाळचा कोड शून्य सात पाच पाच, त्याचं पण असंच. ग्वाल्हेरवाले पण सुटलेले नाहीत, त्यांचा शून्य सात पाच एक :) आणि सॉफ्टवेअरचं व्हर्जन ३.१० लिहिलं की ३.१ होतं. मजकुरात कोलन आणि पुढे जागा आली की फाईल वाचायचंच नाकारतं. म्हणून फोन, कोड, व्हर्जन, टक्के, जे जे मोजायचं नाही नुसतं दाखवायचं आहे ते अवतरणात ठेवा.

रामबागची_सून
एक शंका. आमच्या ऑफिसात अर्ज गाळायचं सॉफ्टवेअर आहे, मी एचआरला आहे. पोरं डिझाईनवाले दोन कॉलमचे रेझ्युमे पाठवतात, ते आमच्या स्क्रीनवर वाचले जातात तेव्हा डाव्या कॉलममधलं स्किल आणि उजव्या कॉलममधली कंपनी एकाच वाक्यात मिसळलेली दिसते. अनुभव शून्य दाखवतं कधीकधी. तुमच्या या पद्धतीत याला काही उपाय आहे का? कारण उमेदवार चांगला असतो हो, फाईल वाईट असते.

खंडवारोडकर
ताई, बरोब्बर मुद्दा काढलात. एका माहितीतून दोन पीडीएफ काढायच्या, माणसाला द्यायची सजवलेली, पोर्टलला चढवायची साधी, एक कॉलम, टेबल नाही, हेडिंगं नेहमीचीच. दुसरी काढायला काही मेहनत नाही, टेम्प्लेट तेवढं वेगळं.

आणि पाठवण्याआधी तपासायचं कसं तर पॉपलर नावाच्या संचामध्ये पीडीएफटूटेक्स्ट म्हणून प्रोग्रॅम आहे, पीडीएफमधला मजकूर साध्या फाईलमध्ये काढतो. ती फाईल वाचा. तुमच्या सॉफ्टवेअरला साधारण तेच दिसणार. ते नसेल तर पीडीएफ उघडून सगळं सिलेक्ट करून नोटपॅडमध्ये पेस्ट करा. जुन्या लाटेकच्या पीडीएफमधून फायनान्समधला एफ आणि आय जोडून एकच अक्षर बाहेर येतं आणि मग शोधात तो शब्द सापडतच नाही. देवनागरीत तर वेलांट्या अक्षराच्या अलीकडे-पलीकडे जातात, म्हणून हिंदी पान पोर्टलला चढवायचं असेल तर मी पीडीएफपेक्षा वर्ड देतो, तिथे मजकूर मूळ युनिकोडमध्येच राहतो.

रामबागची_सून
हे मी आमच्या फ्रेशर्सच्या मेलमध्ये टाकणार आहे, नाव न घेता.

होळकरसायन्स_माजी
अजून एक, पोरं ही सगळी फाईल गिटहबवर (फायली आणि त्यांच्यातले बदल गिटने जपून ठेवणारी साईट) उघडी ठेवतात कारण तिथे बदल केला की पीडीएफ आपोआप बनते. सोय मस्त आहे, पण त्यात घरचा पत्ता, जन्मतारीख, मोबाईल, वडिलांचं नाव सगळं असतं. नंतर पुसलं तरी गिटच्या इतिहासात राहतं. खाजगी रकाने दुसऱ्या फाईलमध्ये ठेवा, ती गिटमध्ये घालूच नका, घरच्या मशिनवर काढताना दोन्ही जोडा. माई, तुमच्या नातीला हे नक्की सांगा, बायोडाट्याची फाईल उघड्यावर नको.

लोकमान्यनगरची_माई
सांगितलं. ती म्हणते आजी मला माहीत आहे. पण ती आता करते आहे बसून, हे महत्त्वाचं. जर्मनीच्या एका स्थळाने युरोपास का कसल्या नमुन्यात मागितलाय तिचा, तो नोकरीचा असतो ना?

सिमरोल_एक्सप्रेस
हो माई, युरोपास हा युरोपियन युनियनचा सीव्हीचा नमुना, शिक्षण-नोकरीसाठीच. मुलाला बहुतेक तिच्या नोकरीची चौकशी करायची असेल तिकडे :) जर्मनीत सीव्हीवर फोटो आणि जन्मतारीख घालायची पद्धत अजून आहे, अमेरिकेला पाठवताना दोन्ही काढून टाकायचं. म्हणजे तिच्या फाईलला अजून एक टेम्प्लेट.

पागनीसपागा
बरं, हार मानत नाही पण करून बघतोय. पायथन बसवलं. टेम्प्लेट वर्डमध्येच पाहिजे होतं, डॉक्सटीपीएल म्हणून मिळालं, त्यात वर्डच्या फाईलमध्येच जिंजाचे कंस टाईप करायचे. आवडलं, कारण फाँट-बिंट सगळं माझ्या हातात राहतं. आधी मेल मर्ज करून बघितलं होतं, पण त्यात एका माणसाच्या तीन नोकऱ्या एकाखाली एक येत नाहीत सरळ. आता अडचण अशी की नावाच्या जागी नाव येतं, पण पदाच्या जागी टॅग चुकीचा म्हणून एरर देतं. स्पेलिंग दहा वेळा बघितलं, बरोबर आहे.

खंडवारोडकर
तू त्या टॅगच्या मधल्या शब्दाला बोल्ड केलंस का, किंवा मधेच एखादं अक्षर सुधारलंस का? वर्ड आतमध्ये मजकुराचे तुकडे करून ठेवतं, फॉरमॅट बदललं किंवा स्पेलचेकची लाल रेघ आली की टॅग दोन-तीन तुकड्यांत तुटतो. दिसायला अखंड दिसतो, आत अर्धा इकडे अर्धा तिकडे. बरेचदा ते डॉक्सटीपीएल सांभाळून घेतं, पण नेहमी नाही. पूर्ण टॅग पुसून नोटपॅडमध्ये लिही, तिथून साधा मजकूर म्हणून पेस्ट कर, आणि बोल्ड करायचंच तर कंसांसकट पूर्ण टॅगला कर. नोकऱ्या टेबलमध्ये असतील तर लूपच्या टॅगला टीआर जोडायचा, म्हणजे पूर्ण ओळ परत परत येते, नाहीतर एकाच खान्यात सगळ्या नोकऱ्या कोंबल्या जातात.

पागनीसपागा
चाललं! हिंदी आणि इंग्रजी दोन्ही एका झटक्यात. पण आता "शिक्षण" हे हेडिंग पहिल्या पानाच्या तळाला आणि कॉलेजांची यादी दुसऱ्या पानावर.

टायपिंगवाला_भंवरकुआँ
हेडिंगच्या स्टाईलमध्ये पॅराग्राफ, लाईन अँड पेज ब्रेक्स, कीप विथ नेक्स्ट. स्टाईलमध्येच टाक, नुसत्या त्या ओळीला नको, म्हणजे सगळ्या हेडिंगांना लागेल. आणि यादी टेबलमध्ये असेल तर टेबलच्या पहिल्या ओळींना पण कीप विथ नेक्स्ट द्यावं लागतं.

पागनीसपागा
झालं. माझ्या मेव्हण्याला पण पाहिजे म्हणतोय, त्याची फाईल उद्या भरतो.